फिलूमावशीनं बसवून घेतलेलं प्रवचन

आखातातल्या आमच्या रुवैसच्या घरात एसी बंद पडला की सगळे खडबडून जागे व्हायचे. त्या घरघरीची इतकी सवय झाली होती, की शांतता झाली म्हणजे काहीतरी बिघडलं असंच वाटे. कंपनीचं क्वार्टर होतं ते. मागे वाळू, पुढे वाळू, पलीकडे समुद्र, आणि स्वयंपाकघराच्या खिडकीतून दिसणारी रिफायनरीची ज्योत. बाबा तिथेच इन्स्ट्रुमेंट इंजिनियर. सकाळी सहाच्या बसनं जायचे, साडेतीनला यायचे, आणि आल्या आल्या आधी पाणी नाही, चहा नाही, खिडकीशी जाऊन ज्योतीकडे एक नजर टाकायचे. आई म्हणायची, "आत्ताच तिथून आलात ना? आता इथून काय तपासताय?" मग फिलूमावशी चहा आणायची, त्याच्याबरोबर तव्यावर गरम केलेला खुबूस, म्हणजे तिथली अरबी रोटी, आणि त्यावर शेंगदाण्याची चटणी. खुबुसाला भाकरीसारखं तव्यावर दाबून खरपूस करायची तिची पद्धत होती. मी पुढे तीन देशांत खुबूस खाल्ला, पण तसा खरपूस मला आजतागायत करता आलेला नाही, आणि आता येणारही नाही.

फिलूमावशी म्हणजे फिलोमिना. सावंतवाडीकडची, ख्रिस्ती, मालवणी बोलणारी, लवकर विधवा झालेली. एक मुलगी, ल्युसी, तिचं लग्न करून दिलं आणि ही आमच्याकडे कामाला आली. आईला कोण अभिमान, की आपल्याकडे मराठी बोलणारी बाई आहे, शेजाऱ्यांसारखं खुणांनी काम सांगावं लागत नाही. "ती काही कामवाली नव्हे, घरचीच आहे," हे वाक्य आमच्याकडे येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला ऐकावं लागे. आणि ते खोटंही नव्हतं. गणपतीच्या आरतीला ती टाळ वाजवायची, नाताळात बाबा तिच्यासाठी अबू धाबीहून केक आणायचे, आणि जेवायला ती आमच्याबरोबरच बसायची. घरचीच असल्यामुळे तिला आठवड्याची सुट्टी मात्र नव्हती. घरच्या माणसाला कसली आलीय सुट्टी? तिलाही ती हवी असेल, हा विचार आमच्यापैकी एकाच्याही डोक्यात कधी शिरला नाही, माझ्या तर नाहीच नाही. मी सतरा वर्षांची होते आणि माझं सगळं लक्ष माझ्या स्वतःवर होतं.

त्या वर्षी शाळेत इंग्रजी वक्तृत्वाची स्पर्धा होती. आमच्या इंग्रजीच्या बाईंनी मला एका जुन्या पुस्तकातलं प्रवचन काढून दिलं. एकोणिसाव्या शतकातला कुणी अमेरिकन पाद्री, गुलामगिरीच्या विरोधात बोलून बोलून स्वतःच्याच गावात नकोसा झालेला. बाई म्हणाल्या, "यू हॅव द व्हॉइस फॉर इट." झालं, मी हवेत. सुरुवातीला मला त्या प्रवचनाची निराशाच वाटली. मला हवे होते चाबूक, बेड्या, लिलाव, म्हणजे मला हात उगारून ओरडता आलं असतं. हा माणूस त्याबद्दल बोलतच नव्हता. तो समोरच्या बाकांवरच्या भल्या माणसांशी बोलत होता. तुम्ही मारत नाही, उपाशी ठेवत नाही, तुमची स्वयंपाकीण आजारी पडली तर तुमच्या डोळ्यांत पाणी येतं, हे सगळं मान्य करून तो म्हणत होता, की घरी जाऊन स्वतःला एकच विचारा: उद्या सकाळी, तुमची परवानगी न घेता, ती तुमच्या फाटकातून बाहेर पडू शकते का? पडू शकत नसेल, तर तुम्ही तिला जे जे देता, ते तिचंच काढून घेतलेलं थोडं थोडं परत करणं आहे. आणि कर्तव्याबद्दल त्याचं म्हणणं असं होतं, की रविवारी मनात जे भरून येतं ते कर्तव्य नाही. सोमवारी न्याहारीच्या आत जे करायचं असतं ते कर्तव्य.

हे सगळं मी पाठ केलं, आणि ऐकायला हक्काचं माणूस एकच होतं. धाकट्या मामाचं लग्न म्हणून आई लहान भावाला घेऊन पुण्याला गेलेली, बाबा ड्यूटीवर. मी स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून बोलायची आणि फिलूमावशी मासे साफ करता करता ऐकायची. पहिल्याच दिवशी तिनं सुरी खाली ठेवली. "बाय, ह्या शेर्मांव मां?" चर्चमधल्या प्रवचनाला त्यांच्याकडे शेर्मांव म्हणतात. मी म्हटलं, हो. "मगे असा कित्याक ओरडतस? पाद्री असो घायन बोलणा नाय." आणि तिनं मला शिकवायला घेतलं. तिला इंग्रजी जेमतेम कळायचं, पण जन्मभर दर रविवारी तिनं प्रवचनं ऐकली होती. कुठे थांबायचं, कुठे आवाज खाली आणायचा, शेवटच्या बाकावरच्या माणसाकडे कधी बघायचं, सगळं तिला ठाऊक. "लोकांका वाटाक होया, हो आमच्याचकडे बघून बोलता. जो माणूस मान खाली घालता, तेका सोडूचा नाय." अर्थ विचारायची, मी मराठीत सांगायची. त्या फाटकाच्या वाक्याचा अर्थ सांगितला तेव्हा ती "बरो माणूस होतो," म्हणाली आणि बांगडे पुन्हा धुवायला लागली.

आता इथे मला एक स्पष्ट करू दे, कारण माझा नातू परवा दुबईच्या मरीनावरच्या त्यांच्या फ्लॅटमध्ये हे ऐकताना मध्येच म्हणाला, "आजी, दॅट्स इल्लीगल." हो राजा, आता आहे. तेव्हाही असेल बहुधा, कुणी विचारलं नव्हतं. फिलूमावशीचा व्हिसा बाबांच्या नावावर, म्हणून तिचा पासपोर्ट बाबांच्या कपाटात. बाबांचा स्वतःचा पासपोर्ट कंपनीच्या ऑफिसातल्या कपाटात. सुट्टीला जायचं झालं की फॉर्म भरून तो सोडवून आणायचा. सगळ्यांचंच असं होतं. लपवून ठेवायचा म्हणून कुणी ठेवत नव्हतं, हरवू नये म्हणून ठेवत होते. आमच्या घरात बाकीचे सगळे पासपोर्ट बँकेनं भेट दिलेल्या एका तपकिरी रेक्झिनच्या पाऊचमध्ये असत. फिलूमावशी गुलाम नव्हती. तिला पगार होता, मान होता. पासपोर्ट मात्र तिच्याकडे नव्हता.

शनिवारी संध्याकाळी फोन आला. फिलूमावशीच्या गावातल्या पाद्रीबाबांचा. गावात फोन त्यांच्याचकडे होता. फिलूमावशीनं तो उभ्यानं घेतला आणि ठेवला तोही उभ्यानंच. ल्युसीला आठवा महिना लागलेला, अंगावर सूज, डोळ्यांपुढे अंधारी, तिला सावंतवाडीच्या दवाखान्यात ठेवलं होतं. डॉक्टरांनी सांगितलं होतं की चार-पाच दिवसांत काय ते ठरवावं लागेल, आई असेल तर बोलावून घ्या. बाबा सोफ्यावर पेपर वाचत होते. ती त्यांच्यासमोर जाऊन उभी राहिली. "सायबा, माका घराक जावचा आसा."

बाबांनी लगेच पेपर बाजूला ठेवला. "अगं, जायलाच पाहिजे. त्यात विचारायचं काय? उद्याच तिकिटाचं बघतो." आणि उठून आत गेले. मी दारातून बघत होते. त्यांनी कपाट उघडलं, वरचा खण चाचपला, खालचा चाचपला, साड्या बाहेर काढल्या, परत आत कोंबल्या. मग पुण्याला फोन लावला. आईचं बोलणं मला ऐकू येत नव्हतं, पण बाबांचा चेहरा दिसत होता. आईनं पाऊच अख्खंच नेलं होतं. नेहमी सगळे मिळून जायचो ना, हाताला तीच सवय. यावेळी तिनं आत नीट बघितलंही नव्हतं, विमानतळावर वरचे दोन काढून दाखवले की झालं. म्हणजे फिलूमावशीचा पासपोर्ट पुण्यात होता. गंमत म्हणजे माझाही तिथेच होता, आणि मला तीन आठवडे त्याचा पत्ताही नव्हता.

रविवारी साडेतीनला बाबा आले. फिलूमावशीनं आपली बॅग भरून दाराशी ठेवली होती. बाबांनी बॅगेकडे बघितलं, खिडकीशी गेले, आणि तिकडेच तोंड करून म्हणाले, "फिलू, ॲक्च्युअली तिकीटच मिळत नाहीये. सीझन आहे ना, सगळी फ्लाइट फुल. प्रयत्न चालू आहे. इन्शाल्ला, होईल." तिनं मान हलवली, बॅग उचलली, आत नेऊन ठेवली आणि चहा टाकला. मला त्यांनी खोलीत बोलावून हळू आवाजात सांगितलं, "तू काही बोलू नकोस हं तिला. उगाच गैरसमज होईल. आई पंधरा दिवसांत येतेच आहे, तोवर तिकडे सगळं नीट होईल बघ." मी हो म्हटलं. माझे बाबा खोटं बोलत नसत. खोटं बोलायची सवय नसलेला माणूस खोटं बोलतो तेव्हा ते इतकं वाईट बोलतो, की ऐकणाऱ्यालाच लाज वाटावी. आणि तरीही मी हो म्हटलं. गुरुवारी माझी स्पर्धा होती, फिलूमावशी पहिल्या रांगेत बसणार होती, आणि ती गेली तर माझं कसं होणार, हे माझ्या मनात आलं होतं. आलं होतं म्हणजे आलंच होतं, आता कशाला झाकू?

सोमवारी दुपारी मी शाळेतून आले तर ती म्हणाली, "चल गो, म्हण. नायतर माझो जीव थाऱ्यार रवणा नाय." मी दारात उभी राहिले. निम्म्यापर्यंत ठीक गेलं. फाटकाचं वाक्य आलं आणि माझी मान आपोआप खाली गेली. फिलूमावशी लगेच म्हणाली, "हंय वर बघून बोलूचा. खाली बघतस ती तू कित्याक?" मला पुढचा शब्दच आठवेना. आठवत होता, निघत नव्हता. मग मी एकदम सगळं सांगून टाकलं: पाऊच पुण्याला गेलंय, तुझा पासपोर्ट त्यात आहे, तिकिटाचं खोटं आहे, बाबांनी सांगू नको म्हटलं होतं. आणि भोकाड पसरलं.

मला वाटलं ती संतापेल. मला तर ते हवंच होतं, म्हणजे माझी सुटका झाली असती. तिनं गॅस बंद केला. स्टुलावर बसली, ओले हात पुसले. मग म्हणाली, "म्हणजे तिकीट आसा." मी मान हलवली. "मगे रडतस कित्याक? पुण्यासून हंय कोण येवचो आसा काय, ता बघूया."

साडेतीनला बाबा आले तेव्हा ती हॉलच्या मध्यभागी उभी होती. चहा केलेला नव्हता. "सायबा, माझो पासपोर्ट पुण्याक आसा. ता माका कळला. आता तो हाडूचो कसो, ता सांगा." बाबांनी माझ्याकडे बघितलं. मी बघितलं परत. मान खाली घातली नाही, याचं श्रेय तिच्याच शिकवणीला. बाबा खाली बसले. इतका अवघडलेला माणूस मी पुन्हा पाहिला नाही. ते म्हणाले, "मला लाज वाटली गं. तुझी वस्तू माझ्याकडे नाही, हे तुला सांगायची लाज वाटली." ती म्हणाली, "माझी मुलगी थंय मरणाच्या दारात आसा, आणि तुमका लाज वाटता." एवढंच. आवाजही चढवला नाही.

त्यानंतर मात्र बाबा हलले. आखातात राहणाऱ्या मराठी माणसाचा सगळ्यात मोठा आधार म्हणजे 'कोण येतंय का?' गोडा मसाला, मेतकूट, लग्नपत्रिका, म्हाताऱ्यांच्या गोळ्या, सगळं येणाऱ्या-जाणाऱ्याच्या हाती चालतं. कधी ज्याचं तोंडही पाहिलेलं नाही अशाच्या हाती. बाबांनी डायरी काढली आणि फोनला बसले. अबू धाबी, शारजा, दुबई, ओळखीचे, ओळखीच्यांचे ओळखीचे. सात फोन झाल्यावर शारजाच्या औद्योगिक भागात गॅरेज चालवणाऱ्या एका सांगलीकरानं नाव दिलं: शिंदे म्हणून एक फिटर सुट्टी संपवून गुरुवारी सकाळी मुंबईहून अबू धाबीला उतरतोय, आणि कामाला रुवैसलाच आहे. बाबांनी लगेच पुण्याला फोन केला. ज्याचं लग्न तोंडावर आलेलं, तो मामा हळदीच्या आदल्या दिवशी टॅक्सी करून मुंबईला गेला आणि विमानतळावर शिंद्यांच्या हातात पासपोर्ट देऊन आला. आई यावरून मामाच्या सासरच्यांना आयुष्यभर तोंड देत राहिली. गुरुवारी दुपारच्या मुंबईच्या विमानाचं तिकीटही बाबांनी काढलं. मुंबईहून रात्रीची बस, शुक्रवारी सकाळी सावंतवाडी. आता सगळा भार त्या न पाहिलेल्या शिंद्यांवर.

गुरुवारी पहाटे आम्ही निघालो. बाबा म्हणाले, "अगं, तुझी स्पर्धा?" मी म्हटलं, नको. लोकांना पुढे मी हे मोठा त्याग म्हणून सांगत आले, पण खरं कारण वेगळंच होतं. ती आत जाईपर्यंत मला बाबांचा भरवसा वाटत नव्हता. ज्याच्या बोटाला धरून चालले त्या माणसाबद्दल असं वाटणं फार वाईट असतं, आणि त्या अडीच तासांच्या रस्त्यात ते माझ्या शेजारी बसूनच होतं. दोन्हीकडे वाळू, मधूनच उंटांसाठी लावलेली पाटी. शेवटी मागच्या सीटवरून फिलूमावशी म्हणाली, "म्हण गो तुझा शेर्मांव. शाळेत नाय तर हंय म्हण." मी पुढे बसून, रस्त्याकडे बघत म्हणायला लागले. हळू, तिनं शिकवलं तसं. बाबांनी ते आजवर ऐकलंच नव्हतं. फाटकाचं वाक्य आलं, मी थांबले जिथे थांबायचं होतं तिथे. बाबांनी एसी बारीक केला.

विमान वेळेवर उतरलं. शिंदे येईनात. पांढऱ्या पायघोळ कंदुऱ्यांतले अरब आले, सुटाबुटातले आले, पोरंबाळं आली, शिंदे नाहीत. काउंटर बंद व्हायला चाळीस मिनिटं राहिली, पस्तीस राहिली. बाबांच्या तोंडचं पाणी पळालं होतं. फिलूमावशी जपमाळ धरून दाराकडे बघत होती. आणि मग एकदम, दोन खोकी आणि एक फुटलेली लोणच्याची बरणी सांभाळत, शर्टावर तेलाचे डाग पडलेला एक बारकासा माणूस बाहेर आला, मोठ्यांदा विचारत, "रुवैसचे साहेब कोण? अहो, कस्टमवाल्यानं लोणच्यापायी बसवून ठेवला बघा, म्हटलं हबीबी, अचार है, बाँब नाही." त्यानं सदऱ्याच्या आतून, बनियनला शिवलेल्या खिशातून पासपोर्ट काढला. माझा जीव भांड्यात पडला. ज्याला आम्ही ओळखत नव्हतो त्या माणसानं तो छातीशी धरून आणला होता.

शिंद्यांनी पासपोर्ट साहजिकच बाबांपुढे धरला. बाबांचा हातही साहजिकच पुढे गेला, आणि अर्ध्यात थांबला. "माझा नाही," ते म्हणाले. "त्यांचा आहे." बाबांना तिच्याबद्दल 'त्यांचा' म्हणताना मी पहिल्यांदा ऐकलं. फिलूमावशीनं तो घेतला, उघडून स्वतःचा फोटो बघितला, आणि पिशवीत न टाकता हातातच घट्ट धरून काउंटरकडे चालायला लागली. जाताना माझ्या गालाला हात लावून म्हणाली, "मान वर." बाबांना काही म्हणाली नाही.

शनिवारी पाद्रीबाबांचा फोन आला. ऑपरेशन करावं लागलं, ल्युसी शुद्धीवर आहे, मुलगी झाली, दीड किलोची, पण रडते जोरात. फिलूमावशी शुक्रवारी सकाळी पोचली होती, शस्त्रक्रियेच्या दोन तास आधी. बाबांनी फोन ठेवला, सोफ्यावर बसले आणि दोन्ही हातांनी चेहरा झाकून रडले. मीही रडले. मग दोघांनी मिळून इतका घाण चहा केला की तो ओतून द्यावा लागला.

आई आली, तिनं सगळं ऐकलं, आणि ती दुखावली. "मी तिला काय कमी केलं होतं?" हे ती कितीतरी दिवस म्हणत होती. तीन महिन्यांनी सावंतवाडीहून पत्र आलं, ल्युसीच्या नवऱ्याच्या अक्षरात. बाळ आता चार किलोचं झालंय, मी हल्ली इथेच असते, तुमच्याकडे परत येत नाही, राग मानू नये, बायचं भाषण कसं झालं ते कळवावं. आई म्हणाली, "बघितलंत? पासपोर्ट हातात पडला आणि गेली." मला वाटलं बाबा तिची समजूत घालतील किंवा गप्प बसतील. त्यांनी पत्र पुन्हा एकदा वाचलं, घडी केली, आणि त्यांच्या चेहऱ्यावर एकदम असं हसू आलं, की कितीतरी दिवसांत पहिल्यांदा त्यांनी नीट श्वास घेतला असावा.

"बरं झालं बाई, नाही आली," ते म्हणाले. "आली असती तर पहिल्याच दिवशी मी तिच्याकडे पासपोर्ट मागितला असता."